कोणते शाहू, कुठलं माणगाव?

या महिन्यात आलेली बरीच पत्रं एकाच गोष्टीभोवती फिरत होती. नाव सारखं, म्हणून माणूसही तोच, असं कुणीतरी कुणालातरी सांगितलेलं आणि ऐकणाऱ्याला शंका आलेली. मी इतिहास शिकवला त्या सगळ्या वर्षांत याच घोळाशी सर्वांत जास्त झगडले. म्हणून या वेळी बाकीचे विषय बाजूला ठेवून हीच पत्रं घेतली आहेत.

प्रश्न : आदरणीय बाई, माझ्या धाकट्या भावाने वक्तृत्व स्पर्धेत सांगितलं, 'राजर्षी शाहू महाराजांनी बाजीरावांना पेशवेपद दिलं आणि पुढे मागासवर्गीयांना आरक्षणही दिलं.' टाळ्या पडल्या, दुसरा नंबर आला. मी एमपीएससीचा अभ्यास करते आहे आणि मला हे खटकतंय. पण परीक्षकांनीही काही म्हटलं नाही. चूक माझी की त्याची? (एक वाचक, कराड)

चूक तुझी नाही, मुली. भावाच्या त्या एका वाक्यात दोन वेगळे राजे आहेत आणि मध्ये १८२ वर्षं आहेत. बाजीरावांना पेशवाईची वस्त्रं मिळाली १७२० मध्ये, साताऱ्याच्या शाहू महाराजांकडून. आरक्षणाचा हुकूम निघाला २६ जुलै १९०२ रोजी, कोल्हापूरच्या शाहू महाराजांच्या सहीने.

हा विषय माझ्या फार जवळचा आहे. माझं माहेर सातारा आणि सासर कोल्हापूर. त्यातही माहेरचं घर शाहूपुरीत आणि सासरचंही शाहूपुरीत! १९८३ साली लग्न होऊन आले तेव्हा आईने पहिलं कार्ड टाकलं. पत्त्यात माझं नवं नाव बरोबर लिहिलं, शाहूपुरीही लिहिलं आणि पुढे हाताच्या सवयीने सातारा लिहिलं. चार दिवसांनी ते कार्ड तिच्याच दारात आलं. ते मी अजून जपून ठेवलंय. वर्गात या दोन राजांचा धडा आला की आधी ते कार्ड मुलांच्या हातात द्यायचे.

साताऱ्याचे शाहू म्हणजे संभाजी महाराज आणि येसूबाई यांचे पुत्र. जन्म १६८२ चा, गांगवलीचा. सात वर्षांचे असताना रायगड पडला आणि आईबरोबर ते मोगलांच्या कैदेत गेले. सुटले ते औरंगजेब वारल्यावर, १७०७ मध्ये. पंचविशीतला हा तरुण परत आला तेव्हा राज्य ताराबाईंच्या हातात होतं. खेडला लढाई झाली आणि १७०८ च्या जानेवारीत साताऱ्याला राज्याभिषेक झाला. बाळाजी विश्वनाथ, बाजीराव, नानासाहेब हे तिन्ही पेशवे त्यांनीच नेमले. मराठ्यांची घोडी उत्तरेत लांबवर दौडली ती त्यांच्या कारकिर्दीत. १७४९ मध्ये ते वारले. संगम माहुलीला कृष्णेकाठी त्यांची समाधी आहे. त्यांच्या लाडक्या खंड्या कुत्र्याचीही समाधी तिथेच आहे. लहानपणी वडील आम्हाला दोन्ही ठिकाणी फूल वाहायला लावायचे.

कोल्हापूरचे शाहू जन्माने यशवंतराव, कागलच्या घाटगे घराण्यातले. जन्म २६ जून १८७४. चौथे शिवाजी महाराज वारल्यावर राणी आनंदीबाईंनी १८८४ मध्ये त्यांना दत्तक घेतलं आणि तेव्हा त्यांचं नाव शाहू झालं. १८९४ मध्ये कारभार हाती आला. वसतिगृहं, राधानगरीचं धरण, सक्तीचं मोफत प्राथमिक शिक्षण, कुस्तीची मैदानं, गवयांना आणि नटांना आधार हे सगळं त्यांचं. 'राजर्षी' ही पदवी १९१९ मध्ये कानपूरला कुर्मी क्षत्रिय समाजाने दिली. १९२२ च्या मे महिन्यात, वयाच्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी ते गेले.

आता एक गोष्ट पाहा, मला ती नेहमी हलवून जाते. कोल्हापूरची गादी ताराबाईंच्या झुंजीतून उभी राहिली आणि ती झुंज साताऱ्याच्या शाहूंशीच होती. दोन गाद्यांचं भांडण १७३१ च्या वारणेच्या तहाने मिटलं. आणि त्याच कोल्हापूरच्या गादीवर दीडशे वर्षांनी दत्तक आलेल्या नऊ-दहा वर्षांच्या मुलाला नाव दिलं गेलं शाहू.

खुणा गोंधळात टाकतात हे खरं. शाहूपुरी दोन्हीकडे आहे. कोल्हापूरची राजर्षींनी १८९५ मध्ये गुळाच्या बाजारासाठी वसवली. शाहूंच्या नावाचं मैदान दोन्ही गावांत आहे. साताऱ्यात शाहू कला मंदिर, कोल्हापुरात शाहू स्मारक भवन. नोकरीच्या सुरुवातीला मी एका शाळेत होते. तिथे साताऱ्याच्या शाहूंच्या कार्यक्रमाला टेबलावर राजर्षींचा फोटो ठेवलेला मी पाहिला आहे. मी नवीन होते, बोलले नाही. ते न बोलणं मला आजही टोचतं. म्हणून तुला सांगते, भावाला जवळ बसवून सांग आणि जमलं तर परीक्षकांनाही दोन ओळी लिही. बक्षीस परत करायची गरज नाही. पण कैदेतून सुटून राज्य सावरणारा तरुण आणि वसतिगृहांची दारं उघडणारा राजा या दोघांना एकात कोंबलं, तर दोघांच्याही कष्टांवर अन्याय होतो.

साताऱ्याच्या गादीवर दुसरे शाहूही झाले, १७७७ ते १८०८. प्रतापसिंह महाराजांचे ते वडील. परीक्षेला हेही विचारू शकतात.

प्रश्न : महाडचं चवदार तळं पाहायला निघालो होतो. वाटेत माणगाव लागलं. गाडीवाला म्हणाला, 'बाबासाहेबांची ती पहिली मोठी परिषद इथलीच.' खरं का? (पनवेल)

नाही. पण त्याला हसू नका, हे पुष्कळांना वाटतं. महाड शेजारीच आहे, चवदार तळ्याचा सत्याग्रह १९२७ चा, तेव्हा परिषदही इथलीच असणार असा हिशेब मनात आपोआप होतो.

परिषदेचं माणगाव कोल्हापूर जिल्ह्यातलं, आजच्या हातकणंगले तालुक्यातलं. तेव्हा ते कागल जहागिरीत होतं. २१ आणि २२ मार्च १९२० रोजी तिथे अस्पृश्यांची परिषद भरली. अध्यक्ष डॉ. बाबासाहेब आंबेडकर, वय अजून एकोणतीसही पूर्ण नव्हतं. राजर्षी शाहू महाराज स्वतः तिथे आले आणि तुम्हाला तुमचा पुढारी मिळाला, अशा अर्थाचं बोलून त्यांनी त्या तरुणाला लोकांच्या हवाली केलं. मी त्या माणगावला तीनदा गेले आहे. कोल्हापूरहून तास-दीड तासाची वाट, दोन्ही बाजूंना ऊस.

तुम्ही पाहिलंत ते रायगड जिल्ह्यातलं माणगाव. त्याचाही शाहूंशी संबंध आहे, पण वेगळ्या शाहूंशी! साताऱ्याच्या शाहूंचं जन्मगाव गांगवली त्याच माणगाव तालुक्यात आहे. दोन शाहू आणि दोघांच्या चरित्रात माणगाव. मला पहिल्यांदा हे लक्षात आलं तेव्हा मी नकाशा काढून बसले होते.

कुडाळ तालुक्यातही एक माणगाव आहे. ते टेंबे स्वामींचं जन्मगाव म्हणून दत्तभक्तांना ठाऊक असतं.

प्रश्न : पुण्याचा 'सवाई' संगीत महोत्सव सवाई माधवराव पेशव्यांच्या नावाने आहे, असं माझी मुलगी म्हणते. तिच्या मैत्रिणीच्या मते राजस्थानातलं सवाई माधोपूरही त्यांनीच वसवलं. दोघींचं भांडण मिटवा. (बेळगाव)

दोघीही चुकल्या आहेत, पण दोघींनी विचार केला हे मला आवडलं.

आधी शब्द. तुमच्या आजीने पावकी, निमकी, सवायकी घोकली असेल. सवा म्हणजे एक आणि वर पाव. सवाई म्हणजे इतरांहून पावपट चढ. जयपूरच्या राजांनी हा किताब पिढ्यान्‌पिढ्या लावला. त्यातल्या सवाई माधोसिंग पहिले यांनी १७६३ मध्ये गाव वसवलं, ते सवाई माधोपूर. आता आपले सवाई माधवराव पाहा. जन्म १८ एप्रिल १७७४, पुरंदरावर. गाव त्यांच्यापेक्षा अकरा वर्षांनी मोठं आहे. नुसतं साल विचारलं असतं तरी भांडण तिथेच थांबलं असतं. माधो आणि माधव एकच म्हणून फसायला होतं एवढंच.

त्या पोराविषयी थोडं लिहिल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. वडील नारायणराव यांचा शनिवारवाड्यात खून झाला ३० ऑगस्ट १७७३ रोजी. आई गंगाबाई तेव्हा गरोदर होती. बाळ चाळीस दिवसांचं झालं आणि त्याला पेशवाईची वस्त्रं मिळाली. चुलते थोरले माधवराव दोनच वर्षांपूर्वी थेऊरला गेले होते, अवघ्या सत्ताविसाव्या वर्षी. साऱ्यांच्या मनात त्यांचीच आठवण. म्हणून बाळाचं नाव माधवराव आणि चुलत्यापेक्षा सवाई व्हावा ही आशा. तो एकविसाव्या वर्षी शनिवारवाड्यातल्या सज्जावरून पडून गेला. ऑक्टोबर १७९५.

पुण्याचा महोत्सव मात्र सवाई गंधर्वांच्या नावाचा. रामभाऊ कुंदगोळकर, धारवाडजवळच्या कुंदगोळचे, अब्दुल करीम खाँसाहेबांचे शिष्य. रंगभूमीवर त्यांनी गायलं तेव्हा लोकांच्या कानात बालगंधर्व बसलेले होते. म्हणून हे सवाई गंधर्व. ते १९५२ मध्ये वारले आणि पुढच्या वर्षी शिष्य भीमसेन जोशी यांनी पुण्यात त्यांच्या स्मृतीचा महोत्सव सुरू केला. बेळगावहून कुंदगोळ फार लांब नाही. मुलीला एकदा घेऊन जा.

छोटा गंधर्व आणि कुमार गंधर्व हे आणखी वेगळे. पहिले सौदागर गोरे, दुसरे शिवपुत्र कोमकळी.

प्रश्न : कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं तेव्हा सासूबाई फार हळहळल्या. म्हणाल्या, "'कुंकू'मधल्या म्हाताऱ्या नवऱ्याचं काम करणारे ते हेच." आणि भोसले म्हणजे राजघराण्यातले का? (नाशिक)

८ ऑगस्ट २०२४ ची ती रात्र मी विसरणार नाही. आम्ही सगळे रस्त्यावर उभे होतो, कुणी कुणाशी बोलत नव्हतं. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती होती.

सासूबाईंना सांगा, त्यांच्या मनातले केशवराव म्हणजे केशवराव दाते. 'कुंकू' १९३७ चा. भोसले त्याच्या सोळा वर्षं आधी गेले होते. आणि त्याच 'कुंकू'चं संगीत होतं केशवराव भोळे यांचं! त्याआधी १९३३ मध्ये 'आंधळ्यांची शाळा' या नाटकातही दाते आणि भोळे बरोबर होते. पडद्यावर आणि रंगमंचावर इतके केशवराव एकत्र, तर सासूबाईंची गफलत अगदी स्वाभाविक आहे.

केशवराव भोसले राजघराण्यातले नव्हते. कोल्हापुरातल्या गरीब घरातला हा पोरगा लहानपणीच नाटक कंपनीत गेला आणि १९०८ मध्ये, सतरा वर्षांचा असताना, हुबळीला त्याने स्वतःची 'ललितकलादर्श' काढली. नाट्यगृह राजर्षी शाहूंनी बांधलेलं, १९१५ मध्ये खुलं झालेलं. तेव्हा नाव पॅलेस थिएटर होतं. ८ जुलै १९२१ ला मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी बालगंधर्वांबरोबर संयुक्त 'मानापमान' झालं. भामिनी बालगंधर्व आणि धैर्यधर केशवराव. तीन महिन्यांच्या आत, एकतिसाव्या वर्षी ते वारले.

प्रश्न : नातू विचारतो, शिवाजी महाराजांच्या भावाचं नाव संभाजी आणि मुलाचंही संभाजी, असं कसं? (लातूर)

थोरले बंधू संभाजी कर्नाटकात कनकगिरीच्या वेढ्यात पडले. मुलाचा जन्म त्यानंतरचा, १६५७ चा. गेलेल्या माणसाचं नाव घरात पुन्हा हाक मारायला ठेवायचं, ही आपली जुनी रीत. आजोबांचं नाव नातवाला द्यायचं हीही तशीच. १७०० साली तर दोन शिवाजी एकाच वेळी होते, दोघेही थोरल्या महाराजांचे नातू. ताराबाईंचा मुलगा शिवाजी गादीवर बसला आणि मोगलांच्या कैदेतल्या शाहूंचं पाळण्यातलं नावही शिवाजीच होतं. नातवाला सांगा, नाव वाचलं की लगेच विचारायचं : बाप कोण, गाव कुठलं, साल कुठलं?

प्रश्न : मी चेन्नईत राहते. इथे सगळे विचारतात, शिवाजी गणेशन तुमच्यातले का? (चेन्नई)

नाही. ते तमिळच, व्ही. सी. गणेशन. अण्णादुराईंच्या नाटकात त्यांनी शिवाजी महाराजांची भूमिका इतकी जीव तोडून केली की पेरियार यांनी त्यांना शिवाजी म्हटलं आणि ते नाव जन्माला चिकटलं. जन्माने शिवाजी असलेला मराठी घरचा मुलगा तमिळ पडद्यावर आहेच. बंगळूरचे शिवाजीराव गायकवाड. त्यांना तुम्ही रजनीकांत म्हणून ओळखता.

आणि तमिळ मुलखात खरोखरचे शिवाजी राजेही झाले. तंजावरच्या भोसल्यांचे शेवटचे राजे शिवाजी, १८३२ ते १८५५. सवड काढून तंजावरला जा. बृहदीश्वराच्या देवळात त्यांचे वडील सरफोजी राजे यांनी १८०३ मध्ये भोसले घराण्याचा इतिहास भिंतीवर मराठीत कोरून ठेवला आहे. तीच ती नावं पिढ्यान्‌पिढ्या येतात, पण कोण कुणाचा मुलगा हे तिथे दगडात क्रमाने लिहिलेलं आहे.