बागेला लिंबू, उसाला काहीच नाही

(सांगलीच्या निवृत्त विज्ञान शिक्षिका वाचकांच्या पत्रांना उत्तरं देतात.)

प्रश्न : बाई, नमस्कार. आमची दोन एकर तास-ए-गणेश द्राक्षाची बाग आहे. ऑक्टोबर छाटणीला मी नारळ वाढवतो, चारी कोपऱ्यांना लिंबू-मिरची-बिब्बा बांधतो, रस्त्याच्या बाजूला काळी बाहुली टांगतो. पोरगा पुण्याला कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. दिवाळीला आला आणि म्हणाला, "जगात कुठं असलं नसतं, आपणच मागं राहिलोय." खरं का हे? बांधायचं बंद करू का?
– एक बागायतदार, तासगाव तालुका

उत्तर : दादा, पोराचं निम्मं तर नक्कीच चुकलं. कोरियात बंद खोलीत रात्रभर पंखा लावून झोपलं तर माणूस मरतो, असं शिकलेसवरलेले लोकही वर्षानुवर्षं मानत आले. म्हणून तिथल्या पंख्यांना आपोआप बंद होणारा टायमर असतो. इटलीत तेरापेक्षा सतराची धास्ती, कारण रोमन आकड्यांतल्या सतराची अक्षरं इकडची तिकडं केली की लॅटिनमध्ये 'मी जगलो', म्हणजे 'आता संपलो' असा शब्द होतो. जपानमध्ये चारला 'शी' म्हणतात आणि मरणालाही 'शी'च, त्यामुळं कितीतरी दवाखान्यांत चार नंबरची खोलीच नसते. (आपल्याकडं 'शी' म्हटलं की वेगळंच आठवतं, तो भाग सोडा.) रशियात उंबऱ्याच्या आतबाहेर उभं राहून हात मिळवत नाहीत. आपणही उंबऱ्यावर पैसे देत-घेत नाही. आणि पोराला एवढं विचारा, नवी गाडी आणली तेव्हा चाकाखाली लिंबू ठेवलं होतं का?

आता खरा प्रश्न, माणूस हे का करतो? माझं माहेर तुमच्याच तालुक्यातलं. आमच्या आण्णांची एक एकर द्राक्षबाग होती आणि ओढ्याकडेला ऊस. छाटणीच्या दिवशी आण्णा आंघोळ करून, टोपी घालून, अनवाणी बागेत जायचे. पहिली कात्री ते स्वतः मारणार, तीही उगवतीच्या कोपऱ्यातल्या वेलाला. तोवर कुणी शिंकायचं नाही. हेच आण्णा उसाची लावण करताना बिडी ओढत, गड्यांना शिव्या घालत सरी तुडवायचे. ना नारळ, ना लिंबू.

लहानपणी मला याचा उलगडा होत नसे. पुढं वाचनात मालिनोव्स्की नावाचे अभ्यासक आले. पहिल्या महायुद्धाच्या काळात ते न्यू गिनीजवळच्या ट्रोब्रिआंड बेटांवर राहिले होते. तिथले कोळी आतल्या शांत खाडीत मासे धरायला जाताना काही मंत्रबिंत्र म्हणत नसत. मासा हमखास मिळायचा, जिवाला धोका नव्हता. तीच माणसं उघड्या समुद्रात निघाली की मंत्र, विधी, नियम, सगळं साग्रसंगीत. म्हणजे त्यांना अक्कल नव्हती असं नाही. खाडीत तर ते निव्वळ अकलेवरच मासे धरत होते.

ऊस म्हणजे आण्णांची खाडी. पाणी आणि खत दिलं की येतो, वाऱ्यानं लोळला तरी थोडाफार पदरात पडतो. बागेचं तसं नाही. छाटणीपासून माल निघेपर्यंत चार-साडेचार महिने जीव टांगणीला. फुलोऱ्यात पाऊस लागला की गळकूज, पानावर ओल राहिली की डाऊनी रोग, पाणी भरलेल्या मण्यावर सर आली की मणी तडकला. कर्ज काढून औषधं मारायची आणि आभाळाकडं बघत बसायचं. हाताला काम संपतं पण काळजी संपत नाही. मग ते रिकामे हात लिंबात दाभण खुपसतात.

लिंबानं पाऊस थांबत नाही हे मी सांगायला नको. २०१९ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात अवकाळीनं बागा गेल्या, तेव्हा लिंबं बांधलेल्याही गेल्याच. पण लक्षात काय राहतं बघा. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये कृष्णेचं पाणी आमच्या गावभागातल्या घरात शिरलं. गाद्या, फ्रीज, माझी तीस वर्षांची टाचणवह्या-पुस्तकं, सगळ्याचा लगदा. पाणी उतरल्यावर शेजारीण आली. चिखलानं माखलेली काळी बाहुली तिच्या दाराला तशीच लटकत होती. ती मला म्हणते, "बघा बाई, बाहुली हलली नाही, म्हणून माणसं वाचली." माझ्या दाराला बाहुली नव्हती आणि मी तिच्या समोर उभी होते.

तेव्हा दादा, बांधायचं तर बांधा, दहा-वीस रुपयांचा मामला आहे. फक्त फवारणीच्या वेळापत्रकात लिंबाला धरू नका आणि पीकविम्याचा हप्ता चुकवू नका. आणि एक बघा, तुमच्या बागेचे नियम दुसऱ्या कुणाला भोगावे लागतात का? आण्णांचा आणखी एक नियम होता. 'बाहेर बसलेल्या' बाईची सावली वेलावर पडायची नाही. तेराव्या वर्षी मी घड विरळणीचे चार दिवस बांधावर बसून काढले. आतून भावंडं हाका मारत होती, "आक्के, तू का येईनास?" उत्तर काय देणार? तुमच्या बागेत असं काही असेल, तर लिंबाच्या आधी ते सोडा.

प्रश्न : बाई, माझ्या पुतणीचं मूळ नक्षत्र आहे. मुलगी बी.फार्म., स्वभावानं गुणी. तीन स्थळं पसंती कळवून मागं फिरली. 'सासऱ्याच्या मुळावर येते' म्हणतात. जादूटोणाविरोधी कायद्यात हे बसतं का?
– एक काकू, कऱ्हाड

उत्तर : ताई, नाही बसत. साताऱ्याच्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांनी ज्या कायद्यासाठी वर्षानुवर्षं हेलपाटे घातले, तो ऑगस्ट २०१३ मध्ये त्यांचा खून झाला, त्यानंतर आला. पण नरबळी, अघोरी उपचार, भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण असल्या गोष्टींसाठी तो आहे. ज्योतिषाचा सल्ला त्यात मोडत नाही.

तुमच्या पत्रातच एक गंमत आहे. 'मुळावर येणे' म्हणजे नाश करणे, आणि नक्षत्राचं नाव मूळ. जपानी माणसाचा 'शी' तो हाच! नाव दुसरं असतं तर हे सासरे निवांत झोपले असते.

जपानचंच पुढं सांगते. आपल्या साठ संवत्सरांसारखं त्यांच्याकडंही साठ वर्षांचं चक्र आहे. त्यातल्या 'अग्नी-अश्व' वर्षी जन्मलेली मुलगी तापट निघते आणि नवऱ्याला खाते, अशी समजूत. तिच्यामागं एक गोष्ट आहे. एदो शहरात, म्हणजे आजच्या टोकियोत, एका भाजीवाल्याची ओशिची नावाची मुलगी होती. आगीत घर सोडावं लागलं तेव्हा आसऱ्याच्या देवळात एका मुलावर तिचा जीव जडला. पुन्हा आग लागली तर पुन्हा भेट होईल म्हणून तिनं स्वतःच आग लावली, आणि १६८३ मध्ये तिला जाळून मारण्यात आलं. तिचा जन्म अग्नी-अश्व वर्षातला मानतात. नाटकांतून ती गाजली आणि शिक्षा पुढच्या सगळ्या मुलींना झाली. १९६६ मध्ये ते वर्ष आलं. आदल्या वर्षी जपानमध्ये १८ लाखांवर बाळं जन्मली होती, त्या वर्षी साडेतेरा लाखांच्या आसपास, आणि १९६७ मध्ये पुन्हा १९ लाखांवर. बुलेट ट्रेन चालवणारा देश हा! २०२६ हे पुन्हा तेच वर्ष.

आता जरा गणित करू, सवय जात नाही. नक्षत्रं सत्तावीस आणि चंद्र एकेकात साधारण एक दिवस. वर्गात ५४ मुली असतील तर सरासरी दोन मूळवर. सासूला वाईट म्हणून आश्लेषा, थोरल्या दिराला ज्येष्ठा, धाकट्याला विशाखा, अशी चारही काढलीत तर आठ मुली बाद. एवढे सासरे-दीर खरंच पटापट गेले असते तर कऱ्हाडात एकही घर धड उरलं नसतं. पुढच्या स्थळाला हे गणित घालूनच दाखवा. चौथं स्थळही मागं फिरलं, तर वाईट वाटून घेऊ नका. मुलीच्या औषधाच्या दुकानात उद्या तेच सासरे बीपीच्या गोळ्या मागायला येतील.

प्रश्न : बाई, काळी मांजर आडवी गेली की मी थांबतो. पण इंग्लंडमध्ये ती शुभ असते असं मित्र म्हणतो. मग नक्की काय?
– इयत्ता नववी, वाई

उत्तर : मित्र बरोबर आहे. इंग्लंडात पुष्कळ ठिकाणी ती शुभ मानतात, जपानमध्येसुद्धा. मांजर बिचारी एकच. तिला उंदीर दिसलेला असतो. तू थांबतोस तेवढ्यात शाळेची घंटा होते, तेव्हा सायकल हाण. फक्त ब्रेक तपासून घे, कधीकधी तिच्या मागं कुत्रं असतं.