कॅमेऱ्याची उंची

सप्रेम नमस्कार,

कचरावेचक महिलांवरच्या तुझ्या माहितीपटाचा कच्चा कट पाहिला. छायाचित्रण देखणे आहे, आणि माझी काळजी नेमकी तीच आहे. मावळत्या उजेडात ढिगावर वाकलेली बाई पाहून प्रेक्षक हळहळेल, पण तिचे काम काय असते हे त्याला शेवटपर्यंत कळणार नाही.

पुण्यात डॉ. बाबा आढावांसारख्या कार्यकर्त्यांच्या साथीने १९९३ मध्ये कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत ही कचरावेचकांची संघटना उभी राहिली आणि पुढे तिच्यातूनच ‘स्वच्छ’ ही त्यांची सहकारी संस्था निघाली. या संस्थेच्या सभासद आज घरोघरचा ओला-सुका कचरा गोळा करतात व त्याचे शुल्क हक्काने मागतात. ज्यांनी महापालिकेशी करार पदरात पाडून घेतला, त्यांना तू केवळ दुःखाचे प्रतीक करून ठेवले आहेस. शिवाय यातल्या बहुसंख्य बायका दलित आहेत, तरी जातीचा उल्लेख तुझ्या कटमध्ये एकदाही येत नाही; हा संकोच तुझा आहे, त्यांचा नव्हे.

आता जाशील तेव्हा वर्गीकरणाच्या शेडमध्ये त्यांच्याबरोबर जमिनीवर बस आणि कॅमेरा त्यांच्या हातांच्या उंचीवर आण. दुधाची पिशवी, पाण्याची बाटली आणि तिचे झाकण, तिन्ही प्लास्टिकच. पण जात वेगळी, भाव वेगळा, म्हणून ढीगही वेगळे. कोणती वस्तू कुठे जाईल हे सराईत हात क्षणात ठरवतो, शंका आली तर चुरगाळून आवाज ऐकतो. हे कसे ओळखता, असे विचार आणि उत्तर मधेच न तोडता पूर्ण येऊ दे. ‘किती त्रास होतो?’ हा प्रश्न त्यांना आजवर येणाऱ्या प्रत्येकाने विचारलेला आहे. न गुंडाळता टाकलेल्या सॅनिटरी पॅडविषयी कोणी बोलू लागली, तर चेहऱ्याच्या जवळ जाऊ नकोस. संताप तिच्या शब्दांतच पुरेसा असतो. त्याऐवजी, ज्या सोसायटीतून तो कचरा आला तिथल्या रहिवाशांसमोर कॅमेरा लाव. ते बहुधा नकार देतील, आणि नकार देण्याची सोय कोणाला असते हेही मग चित्रपटात येईल.

संमतीपत्रावर सही किंवा अंगठा मिळाला म्हणजे परवानगी मिळाली, असे मात्र समजू नकोस. कागद वाचून दाखव. चित्रपट महोत्सवापुरता न राहता मोबाईलवर फिरेल, मुलाच्या कॉलेजातले मित्र आणि मुलीच्या सासरचे लोकही तो पाहतील, हे स्पष्ट सांग. आज हो म्हणणारी बाई घरी बोलून उद्या नाही म्हणू शकते, आणि तोवर तिचा प्रसंग संकलनात कितीही चपखल बसलेला असला तरी तो काढावा लागतो. महोत्सवाची तारीख जवळ आली की हे फार जड जाते, म्हणून संकलनाच्या वेळापत्रकातच त्यासाठी दिवस राखून ठेव.

पुढचा कट मला पाठवण्याआधी वस्तीत दाखव आणि कोण काय म्हणाले ते मला कळव.

तुझा,
एक जुना संकलक