वहीत रोज एकच आकडा

हृदयाचं पंपिंग कमी झालेल्या माणसांशी आणि त्यांच्या घरच्यांशी बोलणं हे माझं रोजचं काम. त्यात एक प्रश्न हमखास येतो: “सगळं सांभाळतो, तरी वजन वाढतं, पाय सुजतात. माझं चुकतंय कुठे?” विचारणारा बहुधा खाली बघत असतो आणि शेजारी बसलेल्या घरच्यांच्या चेहऱ्यावर उत्तर आधीच तयार असतं. म्हणून एका काकांची हकीगत सांगते. ओळख पटू नये इतपत तपशील बदलले आहेत.

काका सत्तरीच्या आसपासचे. पूर्वी येऊन गेलेल्या झटक्यामुळे हृदयाचा स्नायू कमकुवत झालेला, इको रिपोर्टमध्ये इजेक्शन फ्रॅक्शन ३० टक्के. म्हणजे डावा कप्पा भरल्यावर दर ठोक्याला त्यातलं ३० टक्केच रक्त पुढे जातं; एरवी हे प्रमाण ५० च्या वर असतं. वर्षभरात दुसऱ्यांदा धाप लागून ॲडमिट व्हावं लागलं, तेव्हा डॉक्टरांनी माझ्याकडे पाठवलं. सोबत काकू आणि मुलगा. मुलानेच सुरुवात केली, “मॅडम, यांना मिठाचं जरा समजावून सांगा. आमचं ऐकत नाहीत, चोरून खातात.” काका गप्प.

मी वजनाची वही मागितली. ॲडमिट होण्याआधीचे नऊ दिवस ओळीने ६८.२. एकाच शाईत, एका बैठकीत लिहिल्यासारखे. कुणाचंही वजन नऊ दिवस दशांशानेसुद्धा हलत नाही, असं होत नाही. दहाव्या दिवशी हॉस्पिटलच्या काट्यावर ७२ भरलं होतं. त्या नऊ ओळींच्या वर एक आकडा खोडलेला होता. उजेडात धरला तर वाचता येत होता: ६९.६.

काकू आणि मुलाला थोडा वेळ बाहेर बसायला सांगितलं. “काका, हे ६९.६ आलं त्या दिवशी घरात काय झालं?”

“काय व्हायचं? चौकशी. काल काय खाल्लंत, पाणी किती प्यालात, गोळी घेतली का. सगळ्यांसमोर. नातवंडं बघत होती.” थोडं थांबून म्हणाले, “मी दुसऱ्या दिवसापासून काट्यावर उभाच राहिलो नाही.”

अशा वह्या मी पुष्कळ पाहिल्या आहेत. आळसामुळे कोरी राहिलेली वही वेगळी आणि भीतीपोटी भरलेली वही वेगळी. दुसरी जास्त घातक, कारण ती बघून घरचे निर्धास्त होतात.

वजन रोज का बघायचं, हे काकांना कुणी नीट सांगितलंच नव्हतं. त्यांना वाटायचं, पथ्य पाळलं की नाही याची ती परीक्षा आहे. मी म्हटलं, एक लिटर पाणी म्हणजे एक किलो. हृदय मागे पडलं की मूत्रपिंडं शरीरात मीठ आणि पाणी धरून ठेवायला लागतात. ते पाणी पावलांवर सूज म्हणून दिसायच्या किंवा छातीत धाप म्हणून जाणवायच्या कितीतरी आधी काट्यावर येतं. चरबी दोन-तीन दिवसांत दोन किलो वाढत नाही, पाणी वाढतं. तेव्हाच कळवलं तर बऱ्याचदा लघवीच्या गोळीचा डोस बदलून भागतं. त्या आकड्यावरून पुढची कृती ठरते, तुमचा स्वभाव नाही.

हे ऐकल्यावर ते मोकळे झाले आणि खरी गोष्ट बाहेर आली. मीठ ते चोरून खात नव्हते. गुडघे दुखायचे म्हणून दुकानातून वेदनाशामक गोळी आणून रोज दोनदा घेत होते, डॉक्टरांना न विचारता. “ती काय, साधी गोळी,” असं त्यांना मनापासून वाटत होतं. आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक या जातीच्या गोळ्या मूत्रपिंडांना मीठ-पाणी अडवायला लावतात आणि लघवीच्या गोळीचा जोर कमी करतात. हृदय कमजोर असलेल्याला ती साधी राहत नाही. मी लगेच डॉक्टरांना कळवलं. त्यांनी ती बंद करून पॅरासिटॅमॉल आणि गुडघ्यांसाठी फिजिओथेरपी सुचवली. पॅरासिटॅमॉलही साधी घ्यायची, पाण्यात फसफसणारी नाही. त्या प्रकारात सोडियम बरंच असतं.

विचारता विचारता काकूंकडूनही एक गोष्ट कळली. मिठाच्या धास्तीने त्यांनी कमी सोडियमचं मीठ वापरायला सुरुवात केली होती. त्यात बहुधा पोटॅशियम क्लोराइड असतं, आणि काकांच्या औषधांत पोटॅशियम वाढवणारी दोन होती. रक्तातलं पोटॅशियम फार वाढलं तर हृदयाची लय बिघडते. घरात इतका पहारा होता, पण मिठावरच. खरे धोके त्याच्या मागून आत आले.

मग तिघांना एकत्र बसवलं. मुलगा वाईट नव्हता, घाबरलेला होता. वडिलांना श्वासासाठी तडफडताना त्याने दोनदा पाहिलं होतं. मी त्याला तेच बोलून दाखवायला सांगितलं. “बाबा, मला तुमच्या खाण्याचा राग येत नाही, भीती वाटते,” हे म्हणायला त्याला बराच वेळ लागला. काकूंनी तेव्हा सांगितलं की रात्री त्या नवऱ्याचा श्वास ऐकत जाग्या राहतात. त्यांच्या झोपेची सोय हाही उपचाराचाच भाग आहे असं मी मानते, आणि आठवड्यातल्या काही रात्री मुलाने वडिलांच्या खोलीत झोपायचं हे तिथल्या तिथे ठरवून घेतलं.

वहीचं असं ठरलं. सकाळी लघवीला जाऊन आल्यावर, काही खाण्यापिण्याआधी, तशाच हलक्या कपड्यांत, त्याच काट्यावर वजन करायचं. करणार काका, लिहिणार काका. तीन दिवसांत दोन किलो किंवा जास्त वाढलं तर क्लिनिकला फोनही काकांनीच करायचा. मुलाने एकच विचारायचं: “आज वजन केलंत का?” आकडा विचारायचा नाही. मुलाला हे जड गेलं, पण त्याने पाळलं.

काकांची आणखी एक अडचण होती. बाहेर जायचं असलं की ते लघवीची गोळी टाळायचे. डॉक्टरांनी अशा दिवशी ती घरी परतल्यावर दुपारी घ्यायची मुभा दिली. बहुतेकांना ही मुभा मिळू शकते; विचारायला मात्र हवं.

दोनेक महिन्यांनी काकांचा फोन आला. “दोन दिवसांत १.९ वाढलंय. दोन किलो झाले नाहीत, पण आडवं झाल्यावर धाप लागू नये म्हणून उशी एक जास्त लागतेय. म्हणून कळवतो.” डॉक्टरांनी डोस वाढवला, रक्त तपासायला सांगितलं, आणि आठवड्याभरात वजन जागेवर आलं. ॲडमिट व्हावं लागलं नाही. त्या वेळी वजन का वाढलं, याचं कारण आम्हाला सापडलं नाही. काही वेळा सापडत नाही. आजार स्वतःहूनही पुढे सरकतो. मी काकांना तसं स्पष्ट सांगितलं.

फोन करून उत्तराची वाट बघायची, ती एवढ्यापुरतीच. बसल्या जागी धाप लागली, छातीत दुखलं, शुद्ध हरपली किंवा खोकल्यातून गुलाबी फेस आला, तर वही आणि काटा बाजूला ठेवून ॲम्ब्युलन्स बोलवायची. हे काकांनी वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत स्वतः लिहून ठेवलं आहे.