जुन्या गोव्यात दीड तास: आधी म्युझियम, मग कॅथेड्रल

प्रश्न: आमच्या बचतगटाच्या बायका दिवाळीनंतर गोव्याला निघाल्या आहेत. लातूरहून बस ठरवली आहे. ट्रॅव्हल्सवाले म्हणतात, जुन्या गोव्यात दीड तास थांबू, तिथलं मोठं कॅथेड्रल आणि शेजारचं म्युझियम गाइड दाखवील. वेळ कमी पडला तर म्युझियम सोडून देऊ. आमच्यातल्या बहुतेकींनी चर्च आतून पाहिलेलं नाही. आत जाऊ देतात का? कसं वागायचं? आणि एवढ्या वेळात नेमकं काय बघायचं?
– एक वाचक, औसा

उत्तर: ताई, ट्रॅव्हल्सवाल्यांना आत्ताच सांगून ठेवा, वेळ कमी पडला तर समुद्रावरचा अर्धा तास कापा, म्युझियम कापायचं नाही. मी तर म्हणेन, आधी म्युझियमच बघा आणि मग कॅथेड्रलमध्ये शिरा. दोन्ही एकाच आवारात आहेत, चालणं फारसं नाही. फक्त एक बघा, हे पुरातत्त्व खात्याचं संग्रहालय शुक्रवारी बंद असतं. तुमचा जुन्या गोव्याचा दिवस शुक्रवारी येत असेल तर आत्ताच बदलून घ्या.

आधी म्युझियम का, ते सांगते. कॅथेड्रलमध्ये गेल्यावर माणूस त्या उंचीनं आणि सोन्याच्या झळाळीनं दिपून जातो. मग बाहेर आल्यावर दगड बघायला कुणाचे पाय वळत नाहीत. म्युझियममधून निघून कॅथेड्रलकडे गेलात तर ही वास्तू कुणी, कुणाच्या जमिनीवर आणि कशाच्या जोरावर उभी केली, हे डोक्यात असतं. अंबाजोगाईत इतिहास शिकवत असताना शाळेच्या सहली मी तिथं याच क्रमानं फिरवल्या, आणि पोरांचे प्रश्न बदललेले मला स्पष्ट दिसले.

म्युझियमची इमारत म्हणजे सेंट फ्रान्सिस ऑफ असिसी या चर्चला लागून असलेला फ्रान्सिस्कन संन्याशांचा मठ. पोर्तुगालच्या सरकारनं १८३४ मध्ये धार्मिक संघ बरखास्त केले, पाठोपाठ गोव्यातले मठ ओस पडले. गोवा स्वतंत्र झाल्यावर १९६४ मध्ये इथं संग्रहालय सुरू झालं. आत गेल्यावर गोवा जिंकणाऱ्या पोर्तुगीज सेनानी अल्बुकर्कचा ब्राँझचा मोठा पुतळा आहे, सगळे त्याच्यापाशी गर्दी करतात. तुम्ही थोडं बघून पुढं सरका.

तुम्हाला थांबायचंय ते वीरगळ आणि सतीशिळांपाशी. वीरगळ तुमच्या ओळखीची आहे. आपल्याकडं वेशीजवळच्या मारुतीसमोर अर्धी मातीत गेलेली, कुणीतरी शेंदूर फासलेली शिळा असते, तीच ही. इथं ती स्वच्छ, नजरेच्या उंचीवर आणि चांगल्या उजेडात बघायला मिळते. खालून वर वाचायची. खालच्या चौकटीत लढाई, तिच्यावरच्या चौकटीत पडलेल्या वीराला अप्सरा वर नेताहेत, आणि सगळ्यांत वर तो शिवलिंगापुढं हात जोडून बसलाय. सतीशिळेवर कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला हात असतो. एकदा माझ्यासोबतच्या गटात एक आजी होत्या. गाइड पुढच्या दालनात निघाला तरी त्या तिथंच राहिल्या. त्या हातावरच्या बांगड्या एकेक करून बघत होत्या, शेवटी पदर डोक्यावर घेऊन वाकल्या. गाइड परत आला आणि काही न बोलता त्यांच्याशेजारी उभा राहिला. तिथंच मराठी आणि फारसी शिलालेखही आहेत. अक्षरं लावून बघा, एखादा शब्द लागतोच.

मग वर गोव्यावर राज्य केलेल्या पोर्तुगीज व्हाइसरॉय आणि गव्हर्नरांची चित्रं. ही चित्रं काढून ठेवण्याची प्रथा १५४७ मध्ये जुआंव द कास्त्रो या गव्हर्नरानं घातली आणि ती शतकानुशतकं चालली. सगळी नावं ऐकत बसू नका, थकून जाल. या टोकाकडून त्या टोकाकडं नुसते पोशाख बघत चला. पोलादी चिलखतातले दाढीवाले सरदार हळूहळू बिल्ले लावलेल्या कोटातले अधिकारी होत जातात. राज्य कसं चढलं आणि कसं म्हातारं झालं, ते त्या एका भिंतीवर दिसतं.

आता कॅथेड्रल. कॅथेड्रल म्हणजे ज्या चर्चमध्ये बिशपची, म्हणजे त्या भागातल्या मुख्य धर्मगुरूची गादी असते ते. संभाजीनगरचं सेंट फ्रान्सिस दि सेल्स हे आपल्या भागातलं कॅथेड्रल. जुन्या गोव्याचं हे ‘से कॅथेड्रल’ सेंट कॅथरीनच्या नावानं आहे. त्याचं कारण असं: नळदुर्ग ज्या आदिलशाहीचा, त्याच आदिलशाहीकडं गोवं होतं. अल्बुकर्कनं ते २५ नोव्हेंबर १५१० रोजी कायमचं जिंकलं आणि तो दिवस सेंट कॅथरीनच्या सणाचा निघाला. आज दिसतं ते बांधकाम १५६२ मध्ये सुरू झालं. मुख्य इमारत १६१९ पर्यंत उभी राहिली, वेद्यांची, म्हणजे धर्मगुरू ज्यापाशी प्रार्थना चालवतात त्या ओट्यांची कामं १६५२ पर्यंत चालली. मधेच १५७०-७१ मध्ये अली आदिलशहानं गोव्याला वेढा घातला होता. म्हणजे इकडं भिंती चढत होत्या आणि खाडीपलीकडं विजापूरची फौज होती. तुमची बस सोलापूर-विजापूर-बेळगाव अशी जाणार असेल तर वाटेत गोलघुमट बघाल, तेव्हा हे बायकांना सांगा.

दारातून शिरल्यावर लगेच पुढं धावू नका. मधोमध उभ्या राहा. जवळजवळ ७६ मीटर लांब आणि ५५ मीटर रुंद वास्तू आहे. बांधकाम जांभ्या दगडाचं, वर चुन्याचा गिलावा. आपला काळा पाषाण तिथं नाही. मधला लांब गाळा, दोन्ही बाजूंना खांबांच्या रांगा, त्यांच्या पलीकडं छोटी छोटी प्रार्थनास्थळं आणि टोकाला मुख्य वेदी, अशी रचना.

मुख्य वेदीमागचा लाकडी, सोन्याचा मुलामा दिलेला पडदा हे माझ्या मते इथलं सगळ्यांत मोठं काम. लांबून नुसतं सोनं दिसतं. जितकं पुढं जाऊ देतात तितकं जाऊन बघितलं की त्यात कॅथरीनची गोष्ट कोरलेली दिसते. परंपरा सांगते, अलेक्झांड्रियाची ही तरुण, शिकलेली मुलगी. सम्राटानं तिच्याशी वाद घालायला पंडित आणले, तिनं त्यांना हरवलं. मग तिला खिळ्यांच्या चाकावर मारायचं ठरलं, ते चाकच मोडलं, आणि शेवटी तिचा शिरच्छेद झाला. गाइडला म्हणा, ही गोष्ट चित्राचित्रावर बोट दाखवून सांगा. भराभर पुढं नेणारा गाइडसुद्धा असं विचारलं की थांबतो.

आत शिरल्यावर बाप्तिस्म्याचं, म्हणजे ख्रिस्ती धर्मात घेण्याच्या पाण्याच्या विधीचं कुंड बघा, १५३२ सालचं आहे. पुढं संत ठरलेल्या धर्मप्रचारक फ्रान्सिस झेवियरनं याच कुंडातल्या पाण्यानं बाप्तिस्मा दिला असं मानतात. एका प्रार्थनास्थळात चमत्कारी क्रूस आहे, तो वाढत राहतो अशी श्रद्धा आहे. तिथं लोक नवस बोलायला येतात. हळू बोला आणि त्यांच्या मधे जाऊ नका.

बुरुजात पाच घंटा आहेत, त्यांतली मोठी ‘सोनेरी घंटा’ म्हणून ओळखली जाते. गोव्यात १५६० ते १८१२ या काळात, मधली थोडी वर्षं सोडली तर, इन्क्विझिशनचं, म्हणजे कॅथलिक श्रद्धेविरुद्ध वागल्याच्या आरोपावरून खटले चालवणारं धर्मन्यायालय होतं. त्याचा वाडा या कॅथेड्रलजवळच होता, आज तो उरलेला नाही. शिक्षा जाहीर करण्याच्या दिवशी हीच घंटा वाजवत असं सांगतात. बरेच गाइड हा भाग गाळतात. तुम्ही विचारा. तिथं छळ सोसलेल्या माणसांत हिंदू होते, नव्यानं ख्रिस्ती झालेले होते, ज्यू वंशाचेही होते. त्यांची आठवण न काढता ती घंटा बघणं मला पटत नाही. आणि आज तिथं प्रार्थना करणाऱ्या गोवेकरांवर त्याचा राग काढणंही तितकंच चूक. हे दोन्ही बायकांना बसमध्येच सांगून ठेवा.

वागण्याचं विचारलंत. सगळ्यांना आत जाऊ देतात. चपला काढाव्या लागत नाहीत. साडी, पंजाबी ड्रेस उत्तम, खांदे झाकलेले असावेत. टोपी असेल तर ती काढायची. मिस्सा, म्हणजे सामुदायिक प्रार्थना चालू असेल तर फिरू नका, मागच्या बाकावर बसा. शेवटी लोक रांगेनं पुढं जाऊन धर्मगुरूंकडून पवित्र भाकर घेतात. ती कॅथलिकांसाठीच असते. प्रसाद समजून कुणी रांगेत उभं राहू नये, एवढं आवर्जून सांगा. फोटोबद्दल दारावरची पाटी वाचा. वेदीकडं पाठ करून सेल्फी घेऊ नका.

गाइड घ्याच, पण परवान्याचं ओळखपत्र असलेला. पैसे आधी ठरवा, आणि मराठी बोलणारा मागा. गोव्यात मराठी समजणारे भरपूर आहेत. कमानीखाली आवाज घुमतो, त्यामुळं गट मोठा असेल तर दोन भाग करा. एक गट म्युझियमला आणि दुसरा कॅथेड्रलला असं करून मग अदलाबदल केली तरी चालेल, दुसऱ्या गटाचा क्रम उलटा होईल तेवढंच.

प्रश्न: मुलगा नववीत आहे. कॅथेड्रलच्या फोटोत एकाच बाजूला बुरुज दिसतो, तो मूळचा नकाशाच असा का, असं विचारतोय. आणि एवढं मोठं चर्च मोकळ्या हिरवळीत का? शहर कुठं गेलं?
– एक वाचक, जालना

उत्तर: मुलाला शाबासकी द्या. बुरुज दोन होते. एक १७७६ मध्ये कोसळला, वीज पडून असं सांगतात, आणि तो परत बांधला नाही. त्याच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर बुरुज का बांधला नाही, तेही सांगतं. साथींच्या रोगांनी जुनं गोवं खंगत गेलं. लोक निघून पणजीकडं सरकले आणि १८४३ मध्ये पणजी अधिकृत राजधानी झाली. घरं पडली, दगड लोकांनी नेले, चर्च तेवढी राहिली. १९८६ मध्ये ही चर्च आणि मठ युनेस्कोच्या जागतिक वारशात गेले. सेंट ऑगस्टीनच्या टेकडीवर ४६ मीटरचा उघडा बुरुज उभा आहे, वेळ असेल तर मुलाला तो दाखवा. शहर कसं गेलं ते तिथं दिसतं.

प्रश्न: झेवियरचं शव कॅथेड्रलमध्येच आहे ना?
– एक वाचक, परभणी

उत्तर: नाही. ते रस्त्यापलीकडच्या बॉम जीझस बॅसिलिकात आहे. ते चर्च १६०५ मध्ये पुरं झालं, बाहेरून गिलावा नसलेलं, तांबूस जांभ्याचं. दर दहा वर्षांनी होणाऱ्या दर्शनाच्या वेळी शव मिरवणुकीनं से कॅथेड्रलमध्ये आणतात. याआधीचं दर्शन नोव्हेंबर २०२४ ते जानेवारी २०२५ मध्ये झालं.

प्रश्न: वय झालं, गुडघे दुखतात, गोव्याचा प्रवास आता झेपणार नाही. असं काही जवळपास बघता येईल का?
– एक वाचक, कळंब

उत्तर: काका, तुमच्याजवळ तेर आहे. गोरोबाकाकांच्या दर्शनाला गेला असालच. आता जाल तेव्हा त्रिविक्रमाच्या देवळाला मागच्या बाजूनं प्रदक्षिणा घाला. विटांचं बांधकाम मागं अर्धगोल वळलेलं दिसेल. ती मुळात चैत्याच्या, म्हणजे बौद्ध प्रार्थनागृहाच्या घाटाची इमारत. वेरूळचं दहा क्रमांकाचं लेणं त्याच घाटाचं, मधे लांब गाळा, दोन्हीकडं खांब, टोकाला अर्धगोल आणि छताला दगडात कोरलेल्या फासळ्या. चर्चमध्ये गेल्यावर लांब गाळा आणि खांबांच्या रांगा अशाच दिसतात, फक्त टोकाला स्तूपाच्या जागी वेदी असते. तेरमध्येच रामलिंगप्पा लामतुरे यांच्या नावाचं सरकारी संग्रहालय आहे. गावच्या मातीत सापडलेल्या भाजक्या मातीच्या मूर्ती, मणी आणि रोमशी चाललेल्या व्यापाराच्या खुणा तिथं जवळून बघता येतात. सकाळी लवकर निघा, आणि तिथल्या माणसाला माहिती सांगायची विनंती करा.