खानापूरच्या मित्राचा व्हॅलोरंट गेममधला क्रॉसहेअर (स्क्रीनच्या मध्यावरची नेमाची खूण) माझ्या पीसीवर कसा आणू?

मित्राला सेटिंग्जमधल्या क्रॉसहेअर टॅबमध्ये प्रोफाइलशेजारचं एक्स्पोर्टचं बटण दाबायला सांग, कोड कॉपी होतो. तो व्हॉट्सअ‍ॅपवर मजकूर म्हणूनच मागव. स्क्रीनशॉट आला तर बसशील सेमीकोलन मोजत! तुझ्याकडे त्याच टॅबमध्ये इम्पोर्ट करून पेस्ट कर. कोडाच्या सुरुवातीचं शून्य गळू देऊ नको.

पण कोडात फक्त क्रॉसहेअर येतो. सेन्सिटिव्हिटी, म्हणजे माउस हलवल्यावर निशाणा किती पळतो याचा गेममधला आकडा, हाताने भरावी लागते, आणि खरा घोळ तिथेच होतो. आधी त्याचा डीपीआय, म्हणजे माउसच्या स्वतःच्या वेगाचा आकडा, विचार. त्याचा ८०० आणि तुझा १६०० असेल, तर त्याची ०.४ सेन्सिटिव्हिटी तुझ्याकडे ०.२ ठेव, नाहीतर निशाणा दुप्पट पळेल.

बेळगावच्या टिळकवाडीत कुठल्या गेमिंग कॅफेत खेळलास तरी क्रॉसहेअर अकाउंटसोबत येतो. डीपीआय मात्र तिथल्या माउसचा.