राजीनाम्यावर सही करू नकोस

प्रिय मुली,

"उद्यापासून येऊ नका. राजीनामा लिहून द्या, म्हणजे अनुभवाचा दाखला चांगला देऊ." तुझ्या शाळेने तुला असं बजावल्याचं तू फोनवर सांगितलंस आणि माझ्या पोटात गोळा आला. जवळपास याच शब्दांत मीही हे ऐकलं होतं. घाबरून सही केली, आणि त्या एका कागदापायी सहा वर्षं कोर्टाच्या पायऱ्या झिजवल्या. म्हणून आधी हेच सांगते, सही करू नकोस.

राजीनामा कसा द्यायचा ते महाराष्ट्राच्या 1977 च्या खाजगी शाळा कर्मचारी कायद्याच्या कलम 7 मध्येच आहे. दोन प्रती काढायच्या, दोन्हींवर आपली सही आणि तारीख घालायची, एक रजिस्टर पोस्टाने व्यवस्थापनाला धाडायची आणि दुसरी आपल्याजवळ ठेवायची. मुख्याध्यापकांच्या खोलीत दार लावून घेतलेला कागद यात बसत नाही. पण ते सिद्ध करता करता माणूस थकून जातो गं.

उद्या नेहमीच्या वेळेला शाळेत जा. हजेरीपटावर सही करू दिली नाही, तर त्याच दिवशी तसं पत्र लिहून एक प्रत संस्थेला दे, एक शिक्षणाधिकाऱ्यांना. पोच दिली नाही तर रजिस्टर पोस्टाने पाठव आणि पावती जपून ठेव. गेलीच नाहीस तर हेच लोक उद्या म्हणतील, बाईंनीच यायचं बंद केलं.

आणि दिवस मोज. शाळा न्यायाधिकरणात, म्हणजे खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांची अशी प्रकरणं ऐकणाऱ्या न्यायालयात, अपील करायला 30 दिवस असतात. तोंडी काढलं तरी ती सेवासमाप्तीच, त्याविरुद्धही अपील होतं. उशीर माफ होऊ शकतो, पण त्याला सबळ कारण लागतं. "अध्यक्षांशी बोलतो, जरा थांबा" असं सांगणारे भेटतील. त्यांना बोलू दे, तू वकील गाठ.

तुझी शिक्षण सेवकाची, म्हणजे कायम होण्याआधीची मानधनावरची, 3 वर्षं भरायला चारच महिने उरलेत. ती समाधानकारक पार पडली की तू कायम होतेस, आणि काढायची घाई त्याआधीच का, हे मी वेगळं सांगायला नको. काम समाधानकारक नसेल तर या काळात संस्था काढू शकते, पण एक महिन्याची नोटीस किंवा तेवढं वेतन द्यावं लागतं, आणि कामाचं मूल्यमापन झालेलं असावं लागतं. तुला आजवर एकही मेमो नाही. वकिलांना हे पहिल्याच भेटीत सांग.

न्यायाधिकरण मात्र आधी तुझी नेमणूक तपासेल. जागा रिक्त होती का, जाहिरात निघाली होती का, बिंदुनामावली, म्हणजे आरक्षणाचा क्रम, पाळली का? इथे पुष्कळ चांगले शिक्षक हरतात, कारण कागद संस्थेच्या कपाटात असतात. सरकारच्या शिक्षक भरतीच्या पवित्र पोर्टलवरची शिफारस, मुलाखतीचं पत्र, नियुक्ती आदेश, हजर झाल्याचा अहवाल, सगळं आजच एका फाइलला लाव. "तुमची वैयक्तिक मान्यताच आली नाही" असं म्हणाले तर डगमगू नकोस. शिक्षणाधिकारी नेमणुकीला देतात त्या मान्यतेचा संबंध अनुदानाशी आहे, तिच्या अभावी नियमाने झालेली नेमणूक रद्द ठरत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने स्पष्ट केलं आहे.

तू अतिरिक्त ठरलीस, म्हणजे तुझं पदच उरलं नाही, असंही कदाचित पुढे करतील. त्यासाठी याच कायद्याखालच्या 1981 च्या नियमांतला नियम 26 आहे. सेवाज्येष्ठता यादी माग आणि तुझ्यानंतर आलेलं कुणी ठेवलंय का, तेवढं बघ.

थकीत पगाराचंही आत्ताच ऐकून ठेव. सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात सांगितलं की, बेकायदा काढलेल्या कर्मचाऱ्याला सर्वसाधारणपणे पूर्ण मागील वेतन मिळावं. पण मधल्या काळात कुठे कमाईची नोकरी नव्हती, हे अर्जात आपल्याला मांडावं लागतं. पोटासाठी शिकवण्या घ्याव्या लागल्या तर घे, त्यात कमीपणा नाही. फक्त ते वकिलांपासून लपवू नकोस.

रविवारी सकाळी फाइल घेऊन माझ्याकडे ये. पहिलं पत्र आपण दोघी बसून लिहू.

तुझ्या,
बाई