कुलपावर फिल्म करणाऱ्या मुलाला कॅमेरा घ्यावा का?

प्रश्न : मुलगा बारावी सायन्सला आहे. कुलूप, नळ, चहाची गाळणी अशा घरातल्या वस्तूंवर मोबाइलने दोन-दोन मिनिटांच्या, संवाद नसलेल्या फिल्म करतो. आता साठ हजारांचा कॅमेरा मागतोय. यात पुढे काही आहे का? सोबत एक फिल्म पाठवतेय. – एक आई, कराड

उत्तर : ताई, कॅमेरा आत्ता घेऊ नका. कुलपाची फिल्म नीट पाहिली. तिच्यातल्या उणिवा महागड्या कॅमेऱ्यातही तशाच राहतील.

मागच्या भिंतीवर काळसर पट्टे सरकतात. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूबलाइट सेकंदाला १०० वेळा लुकलुकते. मोबाइलच्या प्रो मोडमध्ये, म्हणजे कॅमेऱ्याची सेटिंग्ज स्वतः बदलता येतात तिथे, शटर १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवलं की पट्टे जातात. किल्ली धरलेला हात चौकटीत आला की कुलूप एकदम काळवंडतं, कारण एक्स्पोजर, म्हणजे चित्र किती उजळ ठेवायचं ते, ऑटोवर आहे. स्क्रीनवर बोट दाबून धरून ते आणि फोकस लॉक करायला सांगा. त्याहून बरं म्हणजे ट्यूब बंद करून खिडकीचा उजेड एका बाजूने घ्यावा. काचेला बटर पेपर लावला की पितळेवरची चकाकी मऊ होते. दुसऱ्या बाजूला थर्मोकोलचा तुकडा उभा केला की सावली उजळते.

आवाजाचं मला खरंच वाईट वाटलं. किल्ली फिरताना होणारा 'खट्' हाच या फिल्मचा जीव, आणि तो गाण्याखाली गाडला गेलाय. पंखा-फ्रिज बंद करून दुसरा फोन वीतभर अंतरावर ठेवावा आणि आवाज वेगळा घ्यावा. रिकाम्या खोलीचाही मिनिटभर आवाज घ्यावा. एडिटिंगमध्ये सांधे झाकायला तो लागतोच.

मूळ अडचण मात्र वेगळी आहे. त्याने कुलूप सगळ्या बाजूंनी दाखवलं, पण घडलं काहीच नाही. मिनिमलिस्ट फिल्ममध्ये साधनं कमी असतात, घटना असावीच लागते. गंजलेलं कुलूप, न फिरणारी किल्ली, तेलाचे दोन थेंब, थोडा वेळ वाट पाहणं, मग 'खट्'. एवढं आठ शॉटमध्ये बसवावं, प्रत्येक क्रियेच्या आधी आणि नंतर पाच सेकंद कॅमेरा स्थिर ठेवून. घराबाहेरच्या दोघांना काही न सांगता दाखवा. काय घडलं ते त्यांना सांगता आलं, तर फिल्म जमली.

पोटापाण्याचं म्हणाल तर नुसत्या अशा फिल्मवर घर चालत नाही. पण जाहिरातींमध्ये वस्तूंचं चित्रीकरण, एडिटिंग आणि साउंड डिझाइन या कामांना हीच नजर लागते. अहमदाबादच्या एनआयडी या राष्ट्रीय डिझाइन संस्थेत बारावीनंतर बी.डेस.ला, म्हणजे डिझाइनच्या पदवीला जाता येतं. प्रवेशासाठी डॅट ही डिझाइनचा कल तपासणारी दोन टप्प्यांची परीक्षा आहे, तिच्यात चित्रंही काढावी लागतात, तेव्हा चित्रकलेचा सराव आत्तापासून हवा. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म आणि टेलिव्हिजन संस्थेतल्या दिग्दर्शन, कॅमेरा, एडिटिंग, साउंड या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमांना पदवी लागते, कोणत्याही शाखेची चालते. म्हणून बारावीकडे दुर्लक्ष नको.

सध्या एक भक्कम ट्रायपॉड आणि साधा कॉलर माइक घेऊन द्या. परीक्षेनंतर याच पद्धतीने तीन फिल्म पूर्ण झाल्या, की कॅमेऱ्याचा विषय पुन्हा काढू.